खोलीचा आवाज

"थांबव!" ओचांदो ओरडले, आणि मिलिंदचा हात मशीनवरच थिजला.

पडद्यावर नायिका रिकाम्या घरात उभी होती.

"इथे कुणीच नाही," ओचांदो म्हणाले. "काय केलंस तू?"

मिलिंदला कळेना. घर रिकामंच तर दाखवायचं होतं! पण वाद घालायची सोय नव्हती. बर्मिंगहॅमच्या या साउंड स्टुडिओत तो अजून प्रोबेशनवर होता. आणि समोर बसलेला स्पॅनिश दिग्दर्शक वैतागलेला होता. कथा, पटकथा, दिग्दर्शन, सगळं ओचांदोंचंच. नव्वदच्या दशकात त्यांनी नाव कमावलं, मग मागचे दोन चित्रपट सपशेल आपटले. दोन हजार पाचचा हा चित्रपटही पडला, तर म्हाताऱ्याला पुढे कुणी विचारणार नव्हतं.

ओचांदोंची एक खोड होती. एरवी शूटिंगला सगळेच प्रत्येक खोलीची शांतता वेगळी टिपून घेतात, संवादांच्या मागे घालायला. यांना मात्र दर चित्रपटात एकच शांतता लागायची, माद्रिदच्या घरातली, बायकोच्या खोलीतली. बायको जाऊन वर्षं झाली, तरी ती जुनी टेप ते स्वतः घेऊन यायचे. यांचे चित्रपट बघताना पाठीमागे कुणीतरी बसलंय असं वाटतं, असं लोक म्हणायचे.

मिलिंदचा हात बसला होता तो पुण्यात, जुन्या नाट्यगीतांच्या तबकड्यांची खरखर काढण्यात. टेपवर खरखर ऐकली आणि त्याला राहवेना. सर खूश होतील, असंही वाटलं. कुणाला न विचारता त्याने ती शांतता धुऊनपुसून लख्ख केली होती.

"सॉरी सर. फक्त बॅकग्राउंड नॉइज क्लीन केला. ओरिजिनल सेफ आहे."

"काढलंस ते ऐकव. तेवढंच."

गेली नोकरी, मिलिंदच्या मनात आलं. त्याने बटण दाबलं.

आधी नुसतीच खरखर. मग तिच्याखालून काहीतरी वर आलं. संथ. मध्येच अडखळणारं. पुन्हा संथ. कुणीतरी गाढ झोपेत श्वास घेत होतं.

"अशीच अडखळायची ती," ओचांदो पुटपुटले. त्यांचे डोळे भरून आले होते.

मिलिंदला मेल्याहून मेल्यासारखं झालं. बाईंचा श्वासच आपण कचरा म्हणून काढून टाकला! "मॅडम झोपल्या असताना रेकॉर्ड केलं होतंत, सर?"

ओचांदोंनी सावकाश मान हलवली.

"नाही. टेप चालू ठेवून मी तिला पुरायला गेलो होतो. घराला बाहेरून कुलूप होतं."