चिरे दोन्ही बाजूंना

हर्षानं चपलेच्या टोकानं जांभ्याच्या चिऱ्याचा तुकडा उलटा केला. खालच्या अंगाला पहारीचा ओरखडा. ताजा, लालभडक.

"ही भिंत कशानं पडली?"

"वाऱ्यान," अनंत म्हणाला. फार लवकर म्हणाला.

भरपाईचा अर्ज, रकाना ४. नुकसानीचे कारण: वादळी वारा.

वाऱ्याच्या हातात पहार नसते. पेडणे तालुक्यात तलाठी होऊन हर्षाला तीन वर्षं झाली होती. गेल्या पावसाळ्यात एकानं आपला जुना गोठा स्वतःच पाडून वादळाच्या नावावर दाखवला. तिनं विश्वास ठेवला. त्याबद्दल तिला मिळालेला मेमो अजून तिच्या फायलीत होता.

छप्पर खरं होतं. चार दिवसांपूर्वी फणस मुळासकट अनंताच्या अर्ध्या घरावर आडवा झाला. वासे मोडले, कौलांचा चुरा. त्यात शंका नाही.

शंका मधल्या भिंतीची. एका घराची दोन घरं करणारी बारा फूट भिंत. पश्चिमेला अनंत, पूर्वेला त्याचा थोरला भाऊ रघुनाथ. दोन दारं, दोन तुळशी, दोन वीजमीटर. चतुर्थीला गणपतीवर फळं-पानांची माटोळी बांधायची लाकडी चौकट तेवढी एकच, आणि तीही बरोबर मधोमध कापलेली. अर्धी इकडे, अर्धी तिकडे.

रघुनाथ खांबाला टेकून उभा होता. अनंत त्याच्याकडे बघत नव्हता. ठरवून बघत नव्हता, असं हर्षाला वाटलं.

"झाड पश्चिमेकडून आलं," ती म्हणाली. "भिंत त्यानं ढकलली असती तर सगळे चिरे पूर्वेला पडले असते. इथं थोडे इकडे, बाकीचे तिकडे. वारा काय दोन्हीकडून आला?"

"वादळ तां, बाय. खंयसूनय येता, चारय बाजूंनी."

"एक नोंद खोटी निघाली तर अख्खा अर्ज बाद होतो. छपरासकट. कोणी भरला हा?"

"आमच्या चेडवान. सेजलान." अर्जावर मुलीचं वळणदार अक्षर होतं. "त्या दिसा ती म्हापशाक कॉलेजात होती. घराक येवन जां पडलेलां दिसलां तां लिवलान. मी सही केलंय."

रकाना ९. मिळालेल्या भरपाईतून पडलेले बांधकाम पूर्ववत करीन. (सही) अनंत.

त्याची बायको विनिता ताडपत्रीखाली बसली होती. उजवा हात गळ्यात बांधलेला. "सांगून टाका ना त्येंका," ती म्हणाली.

"तू गप रव."

बायकोला गप्प करतात तिथं काहीतरी असतं. हर्षानं पेनचं टोपण काढलं.

शेरा: मधल्या भिंतीचे नुकसान संशया

"मी पाडलंय."

पेन थांबलं. रघुनाथ खांब सोडून पुढं आला होता.

"विनिता भितूर अडकली. दाराक फणस आडवो. ह्यो भायर बोंबलता. मी माज्या बाजून पहार घातलंय. लिवा माजां नाव. पण ह्येच्या छपराक हात लावू नकात."

अनंत खाली बघत म्हणाला, "पाडली म्हटल्यार दादाक कचेरीत ओढतले. म्हणान वारो म्हटलंय."

हर्षानं पश्चिमेकडचे चिरे पाहिले. थोडेच होते. एका बाईला ओढून काढता येईल एवढं भगदाड पाडलं तर तेवढेच पडतील. जुळत होतं. पण पूर्वेला, रघुनाथच्या खोलीत, ढीग होता.

"आणि ते? ते ह्या बाजूनं पाडलेत. विनिताताईंना काढल्यानंतर."

अनंतानं हात पाठीमागे नेले. उशीर झाला होता. तळव्यांवरचे फोड तिनं पाहिले होते.

"दुसऱ्या दिसा," तो म्हणाला. "दादान बुराक पाडलान. उरलेली मी पाडलंय." मग चिडल्यासारखा: "चौदा वर्सां एकमेकांकडे बोलूक नाय, बाय. आता काय बुराकातल्यान बोलतलंव?"

विनिता हसली. हात दुखला तशी थांबली. रघुनाथ माटोळीच्या कापलेल्या चौकटीकडे बघत राहिला.

हर्षानं शेरा खोडला. पुन्हा खोडला, खालचं अक्षर दिसू नये म्हणून. मग आवाज उतरवून म्हणाली, "छपराचं मी करते. भिंतही झाडाखाली पडली असं लिहिते. तिचीही भरपाई मिळेल."

दोघे भाऊ पहिल्यांदाच एकमेकांकडे बघत होते.

"नको," अनंत म्हणाला. "ती भिंत खोडा. भरपाई गावली तर परत बांदूक लागतली."