हिनं लस घेतली होती

“मी लस घेतलीच नव्हती,” धाकटी म्हणाली, आणि थोरलीच्या तळपायाची आग मस्तकात गेली.

आत्ता, टेबलावरचा चहा निवायच्या आत, हीच बाई डॉक्टरबाईंसमोर थोरलीच्या सांगण्याला मान हलवून ‘हो, घेतली होती’ म्हणाली होती. मग काय संचारलं कोण जाणे. कोपऱ्यातल्या लसीच्या फ्रीजकडे बघत ढिम्म बसून राहिली आणि एकदम पलटली. थोरली या हॉस्पिटलात ऑपरेशन थिएटरची मुख्य सिस्टर. लाँड्रीत चादरी धुणारी ही सख्खी बहीण तिनंच इथं चिकटवलेली. ड्युटीवर मला ताई म्हणायचं नाही, सगळ्यांसारखं सिस्टर म्हणायचं, असा तिचा दंडक. आणि आज त्याच बहिणीनं तिला तोंडावर खोटं पाडलं.

झालं होतं ते असं. सकाळी मळक्या चादरींच्या ढिगात कुण्या दिवट्यानं वापरलेली सुई तशीच टाकली होती. ती धाकटीच्या अंगठ्यात घुसली. चादर काविळीच्या पेशंटची. साधी कावीळ नव्हे, रक्तातून पसरणारी, लिव्हर पोखरणारी. डॉक्टरबाईंनी लगेच धाकटीचं रक्त तपासलं. त्यात संरक्षण म्हणून नावालाही काही सापडलं नाही.

“एवढ्यावरून घाबरायचं कारण नाही,” डॉक्टरबाई म्हणाल्या होत्या. “या काविळीची लस घेऊन बरीच वर्षं झाली की रक्तातलं संरक्षण उतरतं. पण स्मृतिपेशी मागे राहतात. त्या म्हणजे जुन्या मास्तरीणबाई. व्रात्य पोराचं तोंड एकदा पाहिलं की पुढे कधीही दिसू दे, ओळखून कान धरतात. लस घेतली असेल तर आज एक डोस दिला की त्या जाग्या होतील. घेतली नसेल तर मात्र शरीराला सगळं पहिल्यापासून शिकावं लागेल, आणि रोग काही तोवर थांबत नाही. मग तयार संरक्षणाचं इंजेक्शन लागेल, तेही आजच. ते आपल्याकडे एकच उरलंय.”

ते एक कुणासाठी ठेवलंय, हे थोरलीला पक्कं ठाऊक होतं. अशी कावीळ असलेल्या आईचं बाळ जन्मलं की त्याला ते द्यावं लागे. तसल्या एका बाईला आज-उद्या कळा सुरू होणार होत्या. नवीन इंजेक्शन यायला किती वेळ लागेल, देव जाणे.

“पळून गेले होते मी त्या वेळी,” धाकटी फरशीकडे बघत म्हणाली. “सुईची भीती वाटते मला.”

“सुईची भीती? दोन पोरं झाली तुला,” थोरली कडाडली. “जनाची नाही तर मनाची तरी ठेव. तान्ह्या बाळाच्या तोंडचं काढून घेतेस? मॅडम, हिचं ऐकू नका. हिनं लस घेतली होती. मी स्वतः टोचलीय.”

“सिस्टर, चूक झाली तर हिच्या जिवावर बेतेल. नक्की आठवतंय?”

“मला विचारता?” थोरलीला हा दुसरा घाव बसला. इतक्या वर्षांत तिच्या शब्दावर कुणी शंका घेतली नव्हती. “मी तेव्हा लसीकरणाला बदलीवर होते. लाँड्रीच्या बायकांसाठी वेगळा खोका आला होता. उन्हाळा, लाइट उठसूट जायचे. सगळे म्हणाले, लसी नासणार. मी नासू दिल्या नाहीत. अख्खा खोका वर बर्फाच्या कप्प्यात ठेवला. तिन्ही वेळचे डोस त्यातूनच दिले. एकेक बाटली मुठीत धरून वितळवायचे, हात बधिर व्हायचे माझे. एकीलाही सोडलं नाही. आणि ही म्हणते, पळून गेले.”

डॉक्टरबाईंचं पेन थांबलं.

“गोठल्या होत्या?”

“दगडासारख्या.”

“तिन्ही वेळेला?”

“मग काय तर. सांगतेय काय मी?”

डॉक्टरबाईंनी फ्रीजकडे पाहिलं, म्हणून थोरलीनंही पाहिलं. दारावर लाल अक्षरांत चिकटवलं होतं, ‘काविळीची लस गोठवू नये. गोठलेली लस वापरू नये.’ धाकटी मघापासून तेच वाचत बसली होती.

“गोठली की या लसीत दम राहत नाही, सिस्टर,” डॉक्टरबाई हळूच म्हणाल्या. “मग पेशींनी लक्षात ठेवायचं तरी काय?”

थोरलीचा राग गेला नाही. तो होता तसाच होता, फक्त आता तो काढायला दुसरं कुणी उरलं नव्हतं. आपण आत्ता बहिणीला मारायला निघालो होतो, आणि तेही तावातावानं, हे तिला कळलं. तिचे हात त्या दिवसांसारखे गार पडले.

धाकटीनं बाही वर केली. “मी मघापासून तेच सांगतेय ना, ताई. मी घेतलीच नव्हती. तसंच लिहा, मॅडम.”

“गप्प बस. खोटं बोलू नकोस,” थोरली ओरडली, आणि डॉक्टरबाईंकडे वळली. “ते इंजेक्शन हिला द्या. त्या बाळासाठी दुसरं मी मिळवते, कुठूनही. आणि लिहा, मॅडम, हिनं लस घेतली होती. लाँड्रीतल्या सगळ्याजणींनी घेतली होती, माझ्या हातून. सगळ्यांना बोलवा.”