अकरा वर्षांचं आव्हान

"हा मोसम सुवर्णाक्षरांनी लिहिला जाईल!" कोच पेटिग्रू गरजले, आणि दाद दिल्यासारखी कप्तानाच्या जर्सीची बाही टर्रकन फाटली.

फाटेल नाही तर काय! १९४८च्या अलाबामात काळ्यांच्या कॉलेजला फुटबॉलचे कपडे मिळायचे, ते शेजारच्या गोऱ्या कॉलेजने वापरून टाकलेले. तरी पोरांनी यंदाचे नऊच्या नऊ सामने जिंकले. कोऱ्या जर्सीतले गोरे नऊच्या नऊ हरले. "एकदा आमच्याशी खेळा," असं पेटिग्रू त्यांना अकरा वर्षं कळवत होते. उत्तर कधी आलं नव्हतं.

आज गोऱ्या कोचची चिठ्ठी आली.

"वाचा की कोच! आले वाटतं बिळाबाहेर!" पोरं ओरडली.

पेटिग्रूंनी चष्मा पुसून वाचलं:

 

"खेळायचं पुढे बघू. तेवढ्या आमच्या जुन्या जर्सी परत पाठवाल का? न धुता."