चोवीस तास पाणी नको

ताई आली ती पाहुणचाराला नव्हे. पर्स खांद्यावर तशीच ठेवून ती सरळ बाथरूममध्ये शिरली आणि तिने दिवा लावला.

"लावलंत?"

"गुरुवारीच," वहिनी दारातून म्हणाली. "तुम्ही दाखवलंत तसंच. जुनं खरवडून काढलं, कोरडं पुसलं, मग लावलं."

टब आणि भिंत यांमधली फट बुजवायला भरलेल्या पांढऱ्या सिलिकॉनची रेघ कडेने गेली होती. रेघ सरळ होती. ताईला नावं ठेवायला जागा नव्हती, म्हणून तिने खाली पाहिलं. कोपऱ्यात खरवडलेले तुकडे, मळकं फडकं आणि रिकामी ट्यूब पडली होती.

"पसारा तेवढा आवरायचा राहिला वाटतं." तिने सगळं एका जुन्या कागदात गुंडाळलं आणि पुडकं दाराशी ठेवलं. "जाताना मी टाकते. तुम्हाला कामं कमी नाहीत."

वहिनी ओशाळली. नणंदेचे टोमणे ऐकून तिचे कान किटले होते, पण प्रत्येक नवा टोमणा तितकाच लागायचा.

महिन्यापूर्वी याच फटीतून पाणी झिरपून बाहेरच्या फरशीवर आलं होतं. आई त्यावरून घसरली आणि तिचं मनगट मोडलं. तेव्हापासून ताईने एकच धोशा लावला होता, आईला माझ्याकडे पाठवा. वहिनी ऐकेना. आईला विचारलं तर ती म्हणे, "मी इथेच बरी आहे." पाहुण्यांसमोर तर एकदा म्हणाली होती, पोटच्या लेकीपेक्षा ही सून मला जास्त जवळची. ताई तेव्हा समोरच बसली होती. ते वाक्य तिच्या काळजात रुतून बसलं होतं. दुकानामागच्या दोन खोल्यांत ती एकटी राहायची आणि तिथे ते वाक्य रोज आठवायला वेळच वेळ होता.

रोजच्या कटकटीला कंटाळून दादाने तोड काढली. फट नीट बुजली तर आई इथे राहील, नाहीतर ताईकडे जाईल. ताई चटकन कबूल झाली. एवढंच नाही, आपल्या हार्डवेअरच्या दुकानातून सिलिकॉनची ट्यूब आणि ती दाबायची गनही तिने आणून दिली, तेही फुकट. ताईच्या हातून कधी फुकट खिळा सुटत नसे. वहिनीला वाटलं, निवळली असेल बिचारी.

"दादा, इकडे ये," ताईने हाक मारली. "अंगठा दाबून बघ."

दादा आला. त्याने रेघेवर अंगठा दाबला. अंगठा आत रुतला. उचलला तशी पांढरी तार निघाली आणि तिथे ठसा उमटला. दादा कितीतरी वेळ अंगठा चोळत राहिला. चिकटा निघेना.

"अर्ध्या तासात वर साय धरते," ताई शांतपणे म्हणाली. "आतपर्यंत वाळायला चोवीस तास. थर जाड असला तर दोन दिवस धर. तोवर पाणी नको, हे मी चारदा सांगितलं होतं. आज रविवार आहे."

"पाण्याचा थेंब लागला नाही," वहिनी म्हणाली. "दोन दिवस दार बंद होतं. आम्ही शेजारी जाऊन आंघोळी केल्या."

"आणि आईने?"

"मला हिने खोलीतच अंग पुसून दिलं," आई बाहेरच्या पलंगावरून म्हणाली. प्लॅस्टरमधला हात तिने मांडीवर घेतला होता. "मी सांगते ना. कोणी आत गेलं नाही."

"आई, तुला पढवलंय हे कळतं गं मला."

"मला कोण पढवणार? मी काय कुकुलं बाळ आहे?"

दादाने बायकोकडे पाहिलं. "आईला खोटं बोलायला लावलंस?"

"अहो, मी कशाला..." वहिनीने वाकून स्वतः रेघ चाचपली. "मग ती ट्यूबच खराब असेल."

"ट्यूब माझ्या दुकानातली आहे, वहिनी. वडील गेल्यापासून मी हेच विकतेय. एक गिऱ्हाईक कधी तक्रार घेऊन आलेलं नाही. विचारा दादाला."

दादाला विचारायची गरज नव्हती. त्याला ते माहीत होतं. "आपली चूक झाकायला माझ्या बहिणीवर ढकलू नकोस," तो म्हणाला. "आईची बॅग भर."

वहिनीने बॅग भरली. औषधं वर ठेवली, कुठलं जेवणाआधीचं ते ताईला सांगू लागली. ताई म्हणाली, "मला येतं वाचता." आई दारात थांबली आणि चांगल्या हाताने तिने सुनेच्या तोंडावरून हात फिरवला. एवढंच झालं. ताईने एका हातात बॅग घेतली आणि दुसऱ्या हातात आठवणीने ते पुडकं.

सोमवारी दुकान उघडताच नेहमीचा प्लंबर आला. मागच्या खोलीत आई भिंतीकडे तोंड करून पडली होती. सकाळपासून तिने तोंडात पाणी घेतलं नव्हतं.

"एक पांढरं सिलिकॉन द्या," प्लंबर म्हणाला आणि हाताशी असलेली खालच्या फळीवरची ट्यूब उचलू लागला.

"ती नको. मुदत संपून दोन वर्षं झाली तिची. जन्मात वाळणार नाही, नुसता चिकटा होईल." ताईने वरच्या फळीवरची ट्यूब काढली, तारीख त्याला दाखवली आणि पिशवीत घातली.

"मग फेकायची ना, ताई. ठेवलीत कशाला?"

"दोन ठेवल्या होत्या," ताई म्हणाली. "एकीतच काम झालं."