कडुनिंबाचं घर

सोनाबाई शेवटच्या टेबलापुढं उभी राहिली ती तिथून हललीच नाही. मागून पोरं रेटत होती, आया त्यांना दटावत होत्या.

"मावशी, पुढं सरका की," राखणदार शिवशरण म्हणाला. "समद्यांना बघायचंय."

"हे कुणी केलंय, बाबा?" तिनं विचारलं.

संग्रहालयाच्या दालनात खेळण्यातल्या विटांचं जग मांडलं होतं. बोटाच्या पेराएवढ्या, एकमेकींत अडकणाऱ्या रंगीत विटा. त्यांचाच भुईकोट किल्ला, त्यांचंच तळ्यातलं देऊळ, त्यांचीच गिरणी आणि गिरणीच्या चिमणीतून कापसाचा धूर. अख्खं सोलापूर पोराबाळांना घेऊन लोटलं होतं. त्या गर्दीत सोनाबाईला फक्त एक घर दिसत होतं, कारण ते तिचं होतं.

ओसरीच्या छपराला भोक आणि भोकातून वर गेलेला कडुनिंब. लग्नाच्या वर्षी नवऱ्यानं, कुंडलिकनं, झाड तोडायचं नाकारलं आणि छप्परच कापलं. सगळं मंद्रूप गाव पोट धरून हसलं होतं. ओसरीत जातं होतं, तेही उजव्या भिंतीला चिकटून. सोनाबाई डावखुरी, तिचा डावा हात मोकळा फिरावा म्हणून त्यानं ते तसं रोवलं होतं. एवढा वेडेपणा जगात दुसऱ्या कुणी केला असेल असं तिला वाटेना.

बासष्टच्या आखाडात कुंडलिक कामाच्या शोधात बाहेर पडला. मागोमाग गावात पटकीची साथ आली. सासू गेली. सोनाबाईलाही खाली काढून ठेवलं होतं, तोंडात पाणी घातलं होतं. ते बघूनच निम्मं गाव साथीच्या भीतीनं पळालं. सोनाबाई मात्र उठून बसली. कुंडलिकचं पत्र कधीच आलं नाही.

यंदा बारा वर्षं भरली. बारा वर्षं पत्ता नसलेल्या माणसाचा दर्भाचा पुतळा करायचा, त्याला अग्नी द्यायचा, ही रीत. दीर रामहरीनं सर्वपित्री अमावास्या ठरवली होती. दीर वाईट नव्हता; वाट बघून बघून तोही थकला होता. आज तो त्या विधीचं सामान आणायला सोलापूरला आला होता. अमावास्येला सोनाबाईच्या बांगड्या फुटायच्या होत्या.

शेजारची नागूबाई लेकरांना घेऊन हे प्रदर्शन बघून आली होती. "सोने, तुजं घर हाय की गं तितं," असं तिनं कानात सांगितलं होतं. म्हणून सोनाबाई दिराबरोबर आली. का आली ते तिनं त्याला सांगितलं नाही. पाचला एसटी स्टँडवर ये, एवढंच तो म्हणाला आणि बाजाराकडं गेला.

"यंत्रमागाच्या मिस्त्रींनी केलंय हे," शिवशरण म्हणाला. "इचलकरंजीला हुते. वरीस झालं हितं आल्यात. लई जीव त्यांचा ह्या घरावर. रोज येत्यात, विटा पुसत्यात, त्या जात्याला हात लावून नमस्कार करत्यात."

सोनाबाईनं त्याच्याकडं वळून बघितलं. "नमस्कार करत्यात?"

"व्हय. मी रोज बघतो की. तुमच्या घरचं हायत काय? नाव काय तुमच्या माणसाचं?"

नाव तिनं कधी घेतलं नव्हतं, आताही घेववेना. "उजव्या भुवईवर वण हाय का त्यांच्या?" तिनं विचारलं.

"हाय की! मोठा हाय. बसा तितं बाकावर. चारला येत्याल."

ती बाकावर बसली. माणूस जिवंत होता, आणि बारा वर्षांनीही तिच्या जात्यापुढं हात जोडत होता. आता पुतळाही नको आणि अग्नीही नको. रामहरीला काय सांगायचं ते तिनं मनात दोनदा बोलून पाहिलं.

तेवढ्यात शेजारी एक बाई टेकली. तिशीची, हसऱ्या तोंडाची, हातातल्या पिशवीतून केळीची पानं डोकावत होती.

"आमचं हे येत्याल हितं आता," ती म्हणाली. "तवर जरा बसते. सकाळपास्नं वणवण चाललीया. मी विजयमाला." मग तिची नजर सोनाबाईच्या कपाळावर गेली. "बाई, तुमी सवाष्ण न्हवं?"

सोनाबाईचा हात आपसूक कुंकवाकडं गेला. बारा वर्षांत गावात कुणी तिला सवाष्ण म्हणून जेवायला बोलावलं नव्हतं. कुंकू होतं, पण त्यावर तिच्याशिवाय कुणाचा भरवसा नव्हता. हळदीकुंकवाची ताटं तिच्या दारावरून पुढं जायची. हे सगळं आजपर्यंत तिनं मुकाट गिळलं होतं.

"व्हय," ती म्हणाली, आणि तिला रडूच कोसळलं. "हाय की. सवाष्णच हाय मी."

"अगं बाई, रडता कशापायी?" विजयमालानं तिचा हात धरला. "मग उद्या जेवाया याल का? उद्या अविधवा नवमी. दरसाल मी सवाष्ण जेवू घालते, वटी भरते. औंदा दोघींना सांगितलं, तर दोघीबी अडल्या. तुमचे लई उपकार हुतील बगा."

सोनाबाईनं डोळे पुसले. उद्या ती इथंच असणार होती, आपल्या माणसाजवळ. चांगला दिवस चांगल्याच कामानं सुरू होईल असं तिला वाटलं.

"येते की," ती म्हणाली. "पर जेवायचं कुणाच्या नावानं, ते सांगा. घास घ्यायच्या आदी नाव घ्यावं लागतं."

विजयमालानं शेवटच्या टेबलाकडं बोट केलं.

"ते कडुनिंबाचं घर हाय न्हवं, त्या घरच्या. आमच्या ह्यांची पयली. पटकीत गेली बिचारी. सोनाबाई."