गुरुवारची पत्रं

बाईंनी दार उघडलं तेव्हा नवीच्या एका हातात पुरस्कार होता आणि दुसऱ्या हातात पत्रांची पिशवी. नमस्कार कसा करायचा, असा पेच पडला.

"आधी आत ये," बाई म्हणाल्या. "हात रिकामे कर, मग काय ते."

या आवाजाचा जन्म शाळेत गेला असणार, हे नवीने लगेच ओळखलं. आवाजांच्या बाबतीत तिचा अंदाज सहसा चुकत नसे.

ते शिक्षण घरातच झालं होतं. तिचे वडील टीव्ही दुरुस्त करायचे. घर दोन खोल्यांचं आणि त्यातल्या पुढच्या खोलीत दुकान. दुरुस्तीला आलेल्या टीव्हींपैकी कुणाचा आवाज गेलेला, कुणाचं चित्र. धड एकही नाही. मुक्या टीव्हीसमोर बसून ती पात्रांच्या तोंडी स्वतःची वाक्यं घालायची, आणि चित्र गेलेल्या टीव्हीतून नुसत्या आवाजावरून कोण बोलतंय ते सांगायची. वडील गिऱ्हाइकांना म्हणायचे, "हा भाग दुकानात सुटा मिळत नाही बरं का."

पुढे तिला कामं मिळू लागली. कधी दोन वाक्यांची नर्स, कधी साखर मागायला येणारी शेजारीण. आणि मग एका रोजच्या मालिकेत थोरल्या ताईचं काम करणारी नटी अचानक निघून गेली. लग्न करून परदेशी गेली, असं ऑफिसने सांगितलं. सोमवारच्या भागाआधी पाटी झळकली, की यापुढे ही भूमिका अमुक करतील. त्या दिवसापासून सेटवर हिचं नाव पडलं नवी आणि गेलेलीचं जुनी. नऊ वर्षं झाली तरी नवी काही जुनी झाली नाही.

"सध्या तिच्यासारखंच बोल," दिग्दर्शक म्हणाले आणि जुनीचे चाळीस भाग हातात ठेवले. नवीने ते घोटून पाठ केले. जुनी वाक्याच्या मध्येच कुठे श्वास घेते, तेसुद्धा.

प्रेक्षक मात्र बधले नाहीत. आमची ताई परत आणा, म्हणून गठ्ठ्याने पत्रं आली. वाहिनीने तीन आठवड्यांची मुदत दिली. तेवढ्यात लोकांनी हिला आपलं म्हटलं नाही तर हिला नारळ. नवीने मनातून हातपाय गाळलेच होते. आणि जुनीचा तिला असा राग आला म्हणता! ती बया तिकडे मजेत, आणि इथे आपल्या मानगुटीवर बसून राहिली आहे.

गुरुवारी एक वेगळं पत्र आलं. ठसठशीत, वळणदार अक्षर. 'तुम्ही चांगलं करता. फक्त दुसऱ्या कुणासारखं बोलू नका, स्वतःच्या आवाजात बोला. आणि जिना उतरून तुम्ही उजवीकडे थांबता, तिथे उजेड पोचत नाही. एक पाऊल डावीकडे या.' खाली सही, 'एक प्रेक्षक'. पत्ता नाही.

दुसऱ्या दिवशी ती एक पाऊल डावीकडे थांबली आणि स्वतःच्या आवाजात बोलली.

"कोणी सांगितलं हे?" कॅमेरामनने विचारलं.

"एका प्रेक्षकाने."

"घरबसल्या?" त्याने भुवया उंचावल्या आणि तो पुन्हा कॅमेऱ्यामागे गेला.

तीन आठवडे गेले, नवी टिकली. पत्रं दर गुरुवारी येत राहिली. रडताना खांदे हलवू नका. भांडणात आवाज चढवण्याआधी खाली आणा. कधी नुसतंच, 'काल तुम्ही मला रडवलंत.' ते पत्र ती आठवडाभर पर्समध्ये घेऊन हिंडली होती. गेल्या आठवड्यात पुरस्कार घेताना तिने साऱ्या सभागृहासमोर सांगितलं, की मी त्या पत्रांमुळे उभी राहिले. या गुरुवारी प्रथमच पाकिटामागे पत्ता आला.

पिशवी खाली ठेवून नवी वाकली. बाईंनी तिला अर्ध्यातच धरलं. त्या सत्तरीच्या असतील, पण चालणं तुरुतुरु. घर लखलखीत. आतल्या खोलीचं दार मात्र चांगलं रुंद करून घेतलेलं, उंबरा काढून टाकलेला, आणि फरशीवर चाकांचे ओरखडे.

"बाई, हा पुरस्कार तुमचा," नवी म्हणाली. "मी जे काही आहे, ते तुमच्यामुळे. तुम्ही माझ्यासाठी एवढं का केलंत, ते आजवर कळलं नाही मला."

"मला गं काय कळतं त्यातलं," बाई म्हणाल्या. "मी मालिका बघतसुद्धा नाही."

हा विनय बघून नवी हसली. मग तिने सहज खोलीभर नजर फिरवली. टीव्ही कुठेच नव्हता.

"टीव्ही आत आहे," बाई म्हणाल्या. त्या पुरस्काराला हात लावायला तयार नव्हत्या. "अक्षर माझं आहे, तेवढं खरं. आणि पत्ता मी घातला. घालायचा नाही असं ठरलं होतं. पण त्या दिवशी तुझं भाषण ऐकून घरात जे रडणं झालं, ते मला बघवेना."

"ठरलं होतं? कुणाशी?"

बाईंनी तिच्यासाठी कोपऱ्यातली खुर्ची ओढली.

तेवढ्यात आतल्या खोलीतून आवाज आला. वाक्याच्या मध्येच श्वास घेणारा. नवीने पुरस्कार दोन्ही हातांनी घट्ट धरला. चाळीस भाग तिने तो आवाज पाठ केला होता.

"आई, त्या खुर्चीवर नको बसवूस तिला. तिथे उजेड पोचत नाही. एक पाऊल... डावीकडे घे."