सड्यावरचा नवा देव

गावामागच्या खडकाळ पठारावर, कातळसड्यावर, आमरी या दुर्मिळ ऑर्किडचं उरलेलं एकुलतं रोप गुरांच्या पायाखाली जाऊ नये, म्हणून निवृत्त शेवडेबाईंनी त्याच्याभोवती जांभ्याचे सात दगड रचले होते. सोमवारी वनखात्याचे साहेब पाहणीला येणार होते. फुललेलं रोप त्यांना दिसलं, तरच इथली नवी चिरेखाण अडणार होती.

रविवारी बाई पोचल्या, तर दगडांना हळदकुंकू लागलेलं. आमरीचा पांढरा तुरा खुडून वरच्या दगडावर वाहिलेला.

"देव कोणी बसवलान ठाऊक नाय, बाई," म्हशी वळवत भागीरथी म्हणाली. "पण फुलाशिवाय कसा ठेवायचा?"

बाईंनी वाकून माती चाचपली. कंद मातीत शाबूत होता, पण पुढच्या श्रावणापर्यंत खाण थोडीच थांबणार! जन्मभर वर्गात त्यांनी असल्या देवांची टर उडवली होती.

त्यांनी कलंडलेला एक दगड सरळ केला.

"उद्या नारळ घेऊन ये," त्या खाली बघत म्हणाल्या. "आणि सगळ्या गावाला आण."